बीट नंबर चार

साहेब म्हणाले, गाडीतून उतरा.
उतरलो.
सिडकोच्या पाचव्या स्कीममध्ये खाकीनं उतरायचं म्हणजे
आधी गल्ली आपल्याकडे बघते,
मग दारं एकेक करून आत ओढली जातात,
आणि जिला आता कशाचंच भय उरलेलं नाही
अशी एखादी म्हातारी ओट्यावरूनच विचारते,
आज कोणाचा पोरगा?

कोणाचाच नाही मावशी, नुसता आलोय.
नुसता आलोय, यावर
बावीस वर्षांच्या नोकरीत माझाही विश्वास बसला नसता.

टपरीवर चहा घेतला, दहाची नोट ठेवली.
दगू आहिरे नोटेकडे बघत राहिला, मग माझ्याकडे.
संध्याकाळपर्यंत बातमी पसरली:
हवालदार पैसे देतोय,
काहीतरी मोठं प्रकरण आहे.

आदेशात होतं, जनतेशी सुसंवाद साधावा.
शांतता समितीची यादी काढली
तर तेच सहा पांढरे सदरे,
फोटोत कुठे उभं राहायचं ते पाठ असलेले.
मग बायकांची बैठक लावली, संध्याकाळी सहाला.
एकही आली नाही.
सहाला नळ येतो, गांगुर्डेभाऊ, जुबेदाबी म्हणाल्या,
पाणी भरू की चोर धरू?

साडेसातला लावली. एकोणीस आल्या.
चोरीबद्दल कोणी बोललंच नाही.
बोलल्या त्या खांबाबद्दल,
टाकीकडून वळताना आठवा, चार महिने बंद.
अंबडच्या कंपनीतल्या सेकंड शिफ्टच्या पोरी
तेवढा रस्ता धावत येतात.
धावत, हा शब्द मी डायरीत लिहिला
आणि खाली रेघ ओढली.

खांब माझ्या अखत्यारीत नाही.
महापालिकेला पत्र, मग स्मरणपत्र, मग जाऊन बसणं,
अखेर मुश्ताक वायरमन आला.
शिडी मी धरली. नियमात बसतं का, विचारू नका.
त्या रात्री पावणेबाराला पोरी आल्या, चालत.
एक तर शेंगा खात होती.

समाजमंदिराच्या भिंतीवर तक्रारपेटी ठोकली.
पहिल्या आठवड्यात निघालं:
विझलेली बिडी, गॅसची पावती,
माझ्यावर चार ओळी, यमक चोख, सांगण्यासारख्या नाहीत,
आणि वहीच्या कागदावर पेन्सिलीनं,
निकुंभ काकांच्या गच्चीवर आमचे तीन बॉल आहेत.
ते देत नाहीत. आम्ही आता काच नाही फोडणार.

ठाण्यात सगळे हसले. मी गेलो.
टोपी काखेत घेऊन जिना चढलो.
बॉल तीन नव्हते, अकरा होते,
बादलीत, धुऊन ठेवलेले.
मागायला कोणी वरच आलं नाही, निकुंभ म्हणाले.
बादली उचलून खाली आणली.
पंचनामा केला नाही.

तीन आठवडे पेटी रिकामी.
मग तीच पेन्सिल, तेच अक्षर,
र चा पाय तसाच ओळीखाली घसरलेला:
आमचे पप्पा रात्री मम्मीला मारतात.
तुम्ही बॉल आणून दिले म्हणून लिहिते.

लिहिते.
मी इतके दिवस मुलगा समजत होतो.

खाली नाव नव्हतं. ते मला नंतर कळलं,
इथेही लिहीत नाही.
गाडी न नेता, साध्या कपड्यांत,
शिरसाठबाई आणि जुबेदाबी आधी, मी मागे, असे गेलो.
पुढचं दप्तरात आहे, तिथेच राहू दे.
एवढं सांगतो, एका भेटीत काही मिटलं नाही.
जुबेदाबी अजून रोज साखर मागायच्या निमित्तानं
त्या दारात जातात.
इतकी साखर त्यांच्या घरी कोणी खात नाही.

महिन्याच्या तक्त्यात रकाने तीन:
दाखल, उघड, प्रलंबित.
शेराच्या जागी मी लिहिलं, बॉल, अकरा.
साहेबांनी लाल शाईनं प्रश्नचिन्ह काढून परत पाठवलं.
तसंच ठेवलंय.

पेटी जरा उंच ठोकली गेली होती.
काल तिच्याखाली दोन विटा नेऊन ठेवल्या.